कागद पाडा, ओव्हर

मी सांगलीत विश्रामबागेतल्या एका कॉलेजच्या ऑफिसात काम करते. ज्या गोष्टीची पावती नाही ती झालेलीच नाही, अशा टेबलावर माझी सगळी नोकरी झाली आहे. भुताखेतांचं कुणी सांगायला लागलं की मला जांभई येते. जत्रेत अंगात आलेल्या बाईला मी स्वतः पाणी दिलंय आणि 'बसा आता जरा सावलीत' म्हणून बाजूला नेलंय. त्यामुळे असल्या अनुभवांच्या या सदरात माझं नाव दिसेल असं माझ्या ओळखीतल्या कुणालाच वाटणार नाही. मलाही वाटलं नव्हतं. पण जे झालं ते मी एकटीनं ऐकलेलं नाही, सगळ्या घरानं ऐकलंय, आणि ते अजून माझ्या मोबाईलमध्ये आहे. म्हणून लिहिते.

आमचं मूळ गाव तासगावच्या पुढे. द्राक्षबाग आहे आणि बेदाण्याची शेड आहे. ती माझे दीर, संभाजी भावजी बघतात. मी आणि माझे मिस्टर सांगलीत. मुलगी नोकरीला बेंगळुरूला. आमच्याकडे सासूला आत्या आणि सासऱ्यांना मामा म्हणतात, तसंच इथेही लिहिते; बाकी घर मामांना आबा म्हणतं.

मामा मिलिटरीत सिग्नलला होते. वायरलेसवर. रिटायर होऊन इतकी वर्षं झाली तरी माणूस वायरलेसवरून उतरला नव्हता. मी त्यांना पहिला स्मार्टफोन घेऊन दिला तेव्हा टाइप करायला शिकवायचा प्रयत्न केला, पण त्यांना व्हॉइस मेसेजचं बटण सापडलं आणि विषय संपला. अंगठा दाबून धरायचा, फोन तोंडासमोर आडवा, आणि—

"हॅलो हॅलो, सांगली ऐकतंय का सांगली. सूनबाई, मिरच्या पाठवल्यात यस्टीनं. ष्ट्यांडावरनं घिऊन जावा. ओव्हर."

प्रत्येक मेसेजच्या शेवटी ओव्हर. आमच्या फॅमिली ग्रुपवर सकाळी पहिला आवाज त्यांचा. मुलीच्या परीक्षेच्या दिवशी तिला न चुकता यायचं, "घाबरायचं न्हाई. पोझिशन सोडायची न्हाई. ओव्हर." ती म्हणायची, आबांचा मेसेज ऐकल्याशिवाय हॉलमध्ये पाय टाकवत नाही. सांगली, बेंगळुरू आणि शेड एका अंगठ्याखाली आली, याचं त्यांना फार अप्रूप होतं. पूर्वी एवढ्यासाठी आमाला डोंगरावर अँटेना चढवायला लागायची, म्हणायचे.

मग फॉरवर्ड सुरू झाले.

कुठल्या पाल्यानं साखर मुळासकट जाते, कुठल्या रात्री मोबाईल उशाशी ठेवला तर किरणं येतात, कुठल्या गावात आभाळातून मासे पडले. जे येईल ते पुढे. मी किती वेळा सांगितलं असेल.

"मामा, हे खोटं आहे."

"खोटं असंल तर वर कुनीतरी तपासलं असंल की, सूनबाई. आपलं काम आलेला मेसेज जसाच्या तसा फुडं धाडायचा. त्यात आपलं डोकं लावायचं नसतंय."

मला सुरुवातीला वाटायचं हा हट्ट आहे. नंतर कळलं, ते ट्रेनिंग आहे. ज्या माणसानं उमेदीची सगळी वर्षं आलेला शब्द एक अक्षर इकडचं तिकडं न करता पुढे पोहोचवला, त्याला मुळात पाठवणाराच खोटं पाठवेल ही कल्पनाच करता येत नव्हती. वर कुणीच नसतं, हे इंटरनेटचं गणित त्यांच्या डोक्यात बसेना.

त्यातून गेल्या वर्षी घोळ झाला. ऐन बेदाण्याच्या सीझनमध्ये त्यांच्याकडे एक मेसेज आला. तासगाव भागात गारपीट, दोन दिवस, वगैरे. सोबत व्हिडिओ. व्हिडिओ कुठल्या तरी दुसऱ्याच राज्यातला होता, पण मामांनी तो पुढे पाठवला आणि वर स्वतःच्या आवाजात हुकूम दिला, "संभाजी, कागद पाड. ओव्हर."

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. बेदाण्याच्या शेडमध्ये जाळीच्या रॅकवर द्राक्षं वाळत घालतात. बाजूंनी प्लॅस्टिकचे पडदे असतात, त्याला आम्ही कागद म्हणतो. एरवी ते वर गुंडाळलेले. पाऊस आला तर खाली पाडायचे. पण ऊन असताना पाडून ठेवले तर आत दमट उष्मा होतो आणि माल काळा पडतो. भावजींनी वडिलांचा शब्द मानून दोन दिवस कागद पाडून ठेवले. बाहेर रखरखीत ऊन. हिरवागार होणारा माल काळपट निघाला.

भावजी ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं. त्यांनी मामांच्या देखत मोबाईल काढला, ग्रुप म्यूट केला आणि म्हणाले, "आबा, आता तुमी निवांत ऱ्हावा. शेडचं आमी बघतो."

त्या दिवशी घरातला मामांचा शब्द संपला. दुसरं काही नाही, तेवढंच झालं. मेसेज येत राहिले, पण हळूहळू आम्ही कुणीच उघडेनासे झालो. एकदा त्यांनी मला विचारलं, "सूनबाई, म्या बोललेलं ऐकलं की ती निळी खूण येती, ती आता का येत न्हाई?" मी म्हटलं, नेटवर्क. त्यांनी मान डोलावली. नेटवर्कचं त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती.

दिवाळीत त्यांना पॅरालिसिसचा झटका आला. उजवी बाजू गेली आणि वाचा गेली. तेव्हापासून मामा आणि आत्या आमच्याकडे विश्रामबागेत आहेत. फिजिओथेरपीनं पाय थोडा सुधारला. तोंडातून मात्र "तं… तं…" एवढंच. डॉक्टर म्हणाले, समजतं किती ते सांगता येणार नाही. झालं, एवढं ऐकल्यावर घरात येणारा जाणारा त्यांच्यासमोर त्यांच्याबद्दल असं बोलायला लागला की जणू ते खोलीत नाहीतच. "आबांस्नी काय कळतंय आता" हे भावजींचं वाक्य मी त्यांच्या पायाशी बसून ऐकलंय.

फोन त्यांच्या खिशात असायचा. डाव्या हाताच्या अंगठ्यानं काहीतरी दाबलं जायचं आणि नातेवाइकांना फोन लागायचे. पलीकडचा हॅलो हॅलो करून घाबरायचा, कारण इकडून नुसता श्वास. विट्याच्या माझ्या नणंदेला तर दोनदा वाटलं की काहीतरी बरंवाईट झालं. शेवटी मी फोन बंद केला आणि ऑफिसात नेऊन माझ्या ड्रॉवरमध्ये ठेवला. घरात ठेवला असता तर आत्यांनी दयेपोटी परत दिला असता. ड्रॉवरला कुलूप, किल्ली माझ्या पर्समध्ये.

आता मूळ गोष्ट.

मार्च संपत आला होता. दुपारची डबा खायची वेळ. मी आणि शेजारच्या टेबलावरच्या पाटीलबाई डबे उघडत होतो. माझा मोबाईल वाजला. फॅमिली ग्रुप. मामांचं नाव. व्हॉइस मेसेज.

माझ्या मनात पहिला विचार आला तो असा की माझा ड्रॉवर कुणी उघडला. मी मेसेज न ऐकता आधी ड्रॉवर बघितला. कुलूप जागेवर. उघडला. फोन आत, बंद. हातात घेतला तर गार. मग मी मेसेज लावला.

"हॅलो हॅलो. संभाजी, ऐक. समद्या बाजूचा कागद पाड. पाऊस यायलाय. नव्या रॅकच्या कागदाला दोरी न्हाई, तितं तार बांध. लौकर कर. ओव्हर."

मामांचा आवाज. आजाराच्या आधीचा, खणखणीत. मागे वाऱ्याचा आवाज, शेडवर असतो तसा.

पाटीलबाई म्हणाल्या, "अगंबाई, तुमचे सासरे बोलायला लागले की. बोलला नाहीत."

"नाही लागलेले," मी म्हटलं.

"मग?"

मी आत्यांना फोन लावला. आत्यांकडे बटणांचा साधा फोन आहे, त्यात ग्रुपबिप काही नाही.

"आत्या, मामा कुठे आहेत?"

"खुर्चीत. खिडकीपाशी. का गं?"

"काही बोलले का?"

"आता काय बोलत्यात, बाई. पर सकाळधरनं जेवान न्हाई धड. नुसतं आभाळाकडं बघत्यात."

मी ऑफिसच्या खिडकीतून बघितलं. आभाळ कोरडं ठाक. मोबाईलवर हवामान काढलं. सूर्याचं चित्र. भावजी ज्या हवामानवाल्याचं चॅनेल डोळे झाकून बघतात, त्यानंही आठवडाभर कोरडं सांगितलं होतं.

खरं सांगायचं तर मी तिथेच सोडून देणार होते. कुणीतरी जुना मेसेज कुठून तरी पाठवला असेल, संध्याकाळी बघू. डब्यात चपाती वाळत होती. पण एक गोष्ट अडकली. नवे रॅक. ते भावजींनी संक्रांतीनंतर बांधले. मामांना झटका दिवाळीत आला. त्यांनी ते रॅक बघितलेलेच नाहीत. त्यांच्या आवाजात नव्या रॅकचं नाव असलेला जुना मेसेज असू कसा शकतो?

भावजींना फोन केला. ग्रुप म्यूट, त्यामुळे त्यांना पत्ताच नव्हता.

"भावजी, तिकडे आभाळ कसं आहे?"

"लख्ख हाय की. ऊन लय हाय. का वो?"

"ग्रुपवर मामांचा मेसेज आलाय."

"कवाचा?"

"आत्ताचा. कागद पाड म्हणतात."

"वैनी, आबांचा फोन तुमच्यापाशी हाय न्हवं?"

"आहे. समोर आहे. बंद आहे."

"मग कुनीतरी चेष्टा करतंय. आन् ह्या वक्ताला मी न्हाई फसत. गेल्या साली—"

"गेल्या सालचं मला माहीत आहे. मला एकच सांगा. नव्या रॅकच्या कागदाला दोरी आहे का?"

मागे ट्रॅक्टर घरघरत होता.

"तुमाला कुनी सांगितलं?"

"आहे की नाही?"

"न्हाई. काल तुटली. आज तासगावला जाऊन आननार हुतो. वैनी, म्या हे घरात बी बोललो न्हाई. बायकोला कळलं तर म्हनंल, म्हैनाभर सांगतीया बदला म्हनून."

"मामा म्हणतात तिथं तार बांधा."

ट्रॅक्टर बंद झाल्याचा आवाज आला.

"भावजी, मी काही ठाम सांगत नाही," मी म्हटलं. "माल तुमचा, डोकं तुमचं. पण तास-दोन तास कागद पाडले तर माल काळा पडतो का?"

"तेवढ्यानं न्हाई पडत."

"मग पाडा."

"आन् न्हाई आला पाऊस तर?"

"तर वर घ्या आणि मला शिव्या द्या."

"तुमाला कोन शिव्या देतंय. मला सांगलीत जेवायला यायचं असतंय," म्हणाले आणि फोन ठेवला.

त्यांनी कागद पाडले. मजुरांच्या बायका हसत होत्या म्हणे. मालकाला ऊन लागलं म्हणाल्या. नव्या रॅकला त्यांनी स्वतः बागेतली तार कापून आणून बांधली. पक्कड ठेवून हात धुवेपर्यंत वारं सुटलं. मिरजेच्या बाजूनं धुळीचा लोट आला आणि त्याच्या मागे पाऊस, आडवा, टप्पोरा. फार वेळ नाही पडला. पण आडवा पाऊस रॅकमध्ये घुसायला वेळ लागत नाही. ओढ्यापलीकडच्या शेडवाल्यांचा माल भिजला. आमचा द्राक्षाचा एक मणी भिजला नाही.

भावजींचा फोन आला तेव्हा मी फाईलमध्ये होते. त्यांनी फोन शेडकडे धरला. पत्र्यावरचा पाऊस तेवढा ऐकवला.

मी हाफ डे टाकला आणि घरी गेले. सांगलीत पाऊस नव्हता, नुसतं वारं. आत्यांना किंवा मामांना कुणी काही सांगितलेलं नव्हतं, हे मी परतपरत विचारून खात्री करून घेतलंय. मिस्टर बँकेत होते, मुलगी मीटिंगमध्ये. घरात दोघं म्हातारी माणसं आणि एक बटणांचा फोन.

मी चप्पल काढतेय तोवर मामांनी माझ्याकडे मान वळवली. डावा हात डोक्याच्या वर नेला, मूठ बंद केली आणि सावकाश खाली आणला. दोरी सोडतात तसा. मग भुवया उंच केल्या.

आत्या म्हणाल्या, "मगापासनं ह्येच करत्यात. पंखा पायजे का म्हनलं, तर न्हाई म्हनत्यात."

"हो मामा," मी म्हटलं. "पाडले. सगळ्या बाजूंचे."

त्यांनी परत हात वर केला. या वेळी बोटांनी काहीतरी पिळल्यासारखं केलं. तार.

"तारही बांधली."

मामांनी डोळे मिटले, मान खुर्चीला टेकवली आणि दोन मिनिटांत घोरायला लागले. मी स्वयंपाकघरात जाऊन उगीचच कट्टा पुसला. स्वच्छच होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी भावजी मोटरसायकलवरून आले. हातात पिशवी, पिशवीत रॅकवरचा मूठभर माल. ते दारात चपला काढून सरळ मामांच्या खुर्चीसमोर उकिडवे बसले. मला वाटलं आता पाया पडतील, रडतील. आमच्याकडे तसं काही होत नाही.

"आबा, बघा बरं. हिरवा हाय का न्हाई?"

मामांनी डाव्या हातात माल घेतला. उजेडाकडे धरला. एक बेदाणा तोंडात टाकला, अर्ध्या तोंडानं बराच वेळ चावला आणि तोंड वाकडं केलं.

"काय झालं?" भावजी म्हणाले. "उद्या रॅकवरनं झाडून काढायचा हाय."

मामांनी नाही अशी मान हलवली. दोन बोटं दाखवली.

"दोन दिस आनखी?"

मान हलली, हो.

"आवं, ऊन बघा कसलं हाय. उद्या हुतंय की."

मामांनी दोन बोटं तशीच धरून ठेवली. हात खाली येईना. आत्या आतून म्हणाल्या, "संभा, त्यांचा हात दुखंल. व्हय म्हन की."

"बरं बरं, दोन दिस," भावजी म्हणाले. "हुकूम."

मामा हसले. झटक्यानंतर पहिल्यांदा. भावजी दोन दिवस थांबले आणि त्यांच्या म्हणण्याप्रमाणे माल थांबल्यानं चांगला झाला. आता त्यात मामांचं किती आणि उन्हाचं किती, ते मी सांगू शकत नाही. पण तेव्हापासून रोज संध्याकाळी शेडवरून व्हिडिओ कॉल येतो. भावजी रॅकवरून कॅमेरा फिरवतात, विचारतात, आणि मामा बोटांनी, मानेनं उत्तर देतात. कधी दोघांचं भांडणही होतं, एका बाजूनं तोंडी आणि दुसऱ्या बाजूनं हातानं. मामांसमोर मामांबद्दल आता कुणी बोलत नाही. मामांशी बोलतात.

मी माझ्या परीनं सगळं तपासलं. मामांचा फोन चालू करून बघितला. गंमत म्हणजे आम्हा सगळ्यांच्या मोबाईलवर तो मेसेज आहे, पण ज्या फोनवरून तो आला त्यात नाहीच. त्यांचा नंबर दुसऱ्या कुठल्या कॉम्प्युटरला जोडलेला आहे का बघितलं. नाही. मुलीच्या ऑफिसातला एक मुलगा म्हणाला, हल्ली आवाजाची नक्कल सहज करता येते, थोडे जुने मेसेज मिळाले की झालं. करता येत असेल. तेच ऐकून मी बँकेच्या नावानं येणारे फोनही उचलत नाही. पण आमच्या शेडवरची दोरी आदल्याच दिवशी तुटली, हे त्या नक्कल करणाऱ्याला कुणी सांगितलं? आणि एवढं करून त्यानं मागितलं काय? काहीच नाही. तार बांधा म्हणाला. भावजींनीच केलं असेल असंही एका नातेवाइकानं सुचवलं. भावजींना अजून फोटो नीट पाठवता येत नाहीत.

भावजींच्या बायकोचं, रेखाचं म्हणणं वेगळं आहे. ती म्हणते, "आबांचा जीव शेडवर हुता, तिथनंच बोलले." मला असली वाक्यं पटत नाहीत. पण माझ्याकडे त्याहून बरं वाक्य नाही.

शेवटी, गुढीपाडवा होऊन गेल्यावर एका दुपारी, आत्या झोपल्या होत्या तेव्हा मी मामांच्या समोर स्टूल घेऊन बसले. मोबाईलवर तो मेसेज लावला. त्यांनी कान देऊन ऐकला. स्वतःचा जुना आवाज ऐकताना त्यांच्या चेहऱ्यावर काय आलं ते मी लिहिणार नाही, मला ते नीट लिहिताही येणार नाही.

"मामा, हे तुम्ही बोललात का?"

त्यांनी मान हलवली. हो.

"कुठल्या फोनवरून? तुमचा फोन तर माझ्याकडे होता."

यावर त्यांनी फार वेळ विचार केला. खरोखर विचार केला, आठवायचा प्रयत्न केला, हे मला दिसत होतं. कपाळावर आठ्या. मग डावा हात मांडीवरून उचलला, तळवा उलटा केला आणि तसाच रिकामा माझ्यापुढे धरला.

म्हणजे त्यांनाही माहीत नाही.

मग मी मोबाईल ठेवला आणि त्यांना विचारलं, चहा टाकू का. मानेनंच हो म्हणाले. साखर किती, तेही बोटांनी सांगितलं. जास्तच सांगितली.